रविवारच्या सहा, सोमवारच्या तीन

मार्गशीर्षातल्या पहिल्या गुरुवारी, दिवसपाळी सुटताना, आमच्या खाडीकाठच्या डाइंग मिलने एका माणसाचे डोळे गेले असं ठरवून टाकलं. डोळे शाबूत होते. अन्याय झाला तो त्या माणसावर. आमच्या लिंबायत वस्तीत त्यांना सगळे आबाच म्हणायचे, म्हणून मीही आबाच म्हणते.

तुम्ही त्यांना पाहिलंच असणार. समोर काहीही आलं की त्यावर बोटाने दोनदा टकटक करणारे. मिलमध्ये ते चेकर होते. रंगून, धुऊन आलेलं कापड दिव्याच्या टेबलावरून सरकत जायचं, आबा डागावर बोट आपटायचे आणि तिथे खडूची खूण करायचे. ही खोड घरीही सुटली नाही. भाजीवाल्याच्या वांग्यावर टकटक, नव्या जावयाच्या शर्टावर टकटक. मी कामगारांसाठी पत्रकं काढते, त्यातल्या एकावर तर तीन ठिकाणी.

"इथं शाई फाकली व माय. लोक वाचतीन कसे?"

आमची पत्रकं भिंतीवर डकवायची खळ त्यांच्या घरी शिजायची. जिजी, म्हणजे आबांची बायको, खळ ढवळायच्या आणि मी भांडं घेऊन जायचे. दिवेलागणीला आबा हमखास गच्चीवर असत. शनिवारी बाजारातून आणलेली एक दुर्बीण होती, तिची एक काच तडकलेली. आबा एका डोळ्याने बघत आणि त्याचाही त्यांना अभिमान. चष्मा त्यांनी कधी लावला नाही.

"आभायमा सगळं दिसस," जिजी खालून ओरडायच्या, "अन् गॅसवरनी दाय उतू गई ती दिसत नई!"

डागांचे त्यांच्या लेखी दोन प्रकार. एक धुतल्यावर जाणारा. दुसरा सुताबरोबरच आलेला, कायमचा. दुसऱ्यावर ते वेळ घालवत नसत. "सोड व, तो कायमना डाग शे." आभाळालाही तोच नियम. देवयानीतला तो पुसट ठिपका, जो खरं तर आख्खी दीर्घिका आहे, त्यांनी मला असाच दाखवला होता. टकटक. कायमचा. पुढे चल.

एकदा मी त्यांना एका पुस्तकातून वाचून दाखवलं. पॅरिसमध्ये अडीचशे वर्षांपूर्वी एक माणूस धूमकेतू शोधायचा. सारखे धुरकट ठिपके आडवे यायचे आणि त्याची फसगत व्हायची. शेवटी वैतागून त्याने न हलणाऱ्या ठिपक्यांची यादीच केली, शंभरावर. तारकागुच्छ, दीर्घिका, सगळं त्यात. हे धूमकेतू नव्हेत, यांच्यावर वेळ घालवू नका.

आबा खोकला येईपर्यंत हसले. "अरे, तो तं चेकर व्हता! मन्हासारखा!"

"त्याने कृत्तिकांचा झुबकापण घातलाय यादीत."

"कृत्तिका? त्यांना कोन धूमकेतू समजी?" त्यांनी जरा विचार केला. "गिनती भरायसाठी घातल्या असतीन. चेकर लोक करतात असं."

आबांचं चुकलं ते या 'कायमच्या' यादीतच. खाडीवरच्या आभाळात एक पिवळट पट्टा असायचा. हलत नव्हता, म्हणून आबांनी तोही कायमच्यात टाकला होता. मी विचारलं तर म्हणाले, "सोड." तुम्हीही तेच म्हणता. मीसुद्धा त्याच पट्ट्याखाली लहानाची मोठी झाले आणि त्याला आभाळच समजत होते. न हलणारी गोष्ट जागच्या जागी वाढू शकते, हे कुणाच्या डोक्यात आलं नाही.

मग मिलने बॉयलरमध्ये कोळशासोबत रंगाच्या चिंध्या जाळायला घेतल्या. त्या हिवाळ्यात आबा एकदम गप्प झाले. आधी मला वाटलं, तब्येत. एका सोमवारी त्यांनी मला गच्चीवर ओढत नेलं.

"कृत्तिका मोज."

"तीन."

"काल?"

काल रविवार. बॉयलर बंद. काल मी सहा मोजल्या होत्या. गल्लीतले दिवे कालचेच, ढग नाही, चंद्र नाही. आबांनी दुर्बीण खाली ठेवली आणि त्या पिवळ्या पट्ट्यावर, हवेत, दोनदा बोट आपटलं. या वेळी "सोड" म्हणाले नाहीत.

त्याच आठवड्यात पांढऱ्या कापडाची लॉट टेबलावर आली. प्रत्येक ताक्यावर बारीक काळे ठिपके. काजळी. आबांनी ताक्यामागून ताका खडूने भरून टाकला. लॉट अडली. सुपरवायझर धावत आला, कापडाकडे पाहिलंही नाही, गुजरातीत म्हणाला, "काका, हवे तमारी आंख काम नथी करती. घेर बेसो."

आबा म्हणाले, "भाई, हे चिमनीतून पडतंय. कापडावर दिसतं ते माणसाच्या छातीत पण जातं."

"घेर बेसो, काका."

घरी बसा, म्हणजे नोकरी संपली. तो गुरुवार. शुक्रवारी तीच लॉट पुन्हा धुवायला गेली. डाग नव्हतेच, तर धुतलं काय?

संध्याकाळी आबांनी गल्लीतल्या तरण्या पोरांना गच्चीवर बोलावलं. हिरे घासणारी, नजर विकून पोट भरणारी पोरं. एकेकाला वर बघायला लावलं. तीन. तीन. एक म्हणाला, दोनच. आबा सगळ्यांकडे बघत राहिले, मग माझ्याकडे.

"मन्हा डोया गयात, का आभाय गयं?"

एक जण हसला, आणि हसता हसता खोकायला लागला.

जिजी त्यांना शिंदखेड्याकडे गावी घेऊन गेल्या. मी फोन केला की आबा धापा टाकत बोलायचे. "इथं मोजावं लागत नई, पोरी. सगळ्या एकदम दिसतात." पुढे फोन जिजी उचलू लागल्या. माघात आबा गेले.

जिजी सामान न्यायला परत आल्या तेव्हा सुपरवायझर भेटायला आला. भला माणूस, हात जोडून बसला. म्हणाला, "काकांची नजर शेवटी गेलीच होती." जिजी चहा गाळत होत्या. त्यांनी त्याच्यासाठी ओतलेला कप पुन्हा भांड्यात रिकामा केला.

दुर्बीण त्यांनी मला दिली. मिलमध्ये आबांच्या टेबलावर आता नवा चेकर आहे. तो कुठेच खडू लावत नाही. काल सोमवार होता. मी दोन मोजल्या, आणि दुसरीची मला खात्री नाही.

वाचून हळहळू नका. येत्या रविवारी दिवेलागणीला गच्चीवर जा. कृत्तिका मोजा. सोमवारी त्याच वेळी, त्याच जागी पुन्हा मोजा. मंगळवारी दिवसपाळी सुटताना मिलच्या गेटवर या आणि तुमचे दोन्ही आकडे त्या सुपरवायझरच्या तोंडावर, मोठ्याने सांगा. मग त्याला विचारा, डोळे कुणाचे गेले होते.