साखरेच्या गोदामातलं गाणं

इक्बालचा फोन आला तेव्हा मी दुकानात एका जुन्या टेपरेकॉर्डरचं पोट उघडून बसलो होतो. त्याचा पट्टा तुटला होता. पट्टा म्हणजे कॅसेट फिरवणारं रबराचं कडं, दुसरं काही नाही. "सुधा... बब्बू गया रे," एवढंच इक्बाल म्हणाला. मी विचारलं, कुठं गेला? अहो, खरंच विचारलं. साठी ओलांडली, अंबाजोगाईत उभी हयात रेडिओ-टेप दुरुस्त करण्यात गेली, आणि 'गया' म्हणजे काय ते मला कळेना. इक्बालचा बब्बू म्हणजे आमचा बबरू. सकाळी गावाच्या नळाला पाणी सोडून तो घरी आला, ओसरीवर टेकला आणि तिथंच... हे इक्बालनं नंतर सांगितलं. तो तुटका पट्टा माझ्या हातातच राहिला होता. नवा पट्टा मी बबरूसाठीच शोधत होतो, आणि गेले कित्येक दिवस "मिळाला की येतो" म्हणून त्याला टोलवत होतो. टेपच्या दुकानदाराला टेपचा पट्टा मिळत नाही, हे कुणाला तरी पटेल का? बबरूला पटलं नसणारच. पण तो तसं बोलला नाही. तो कधीच बोलायचा नाही, आणि माझी सगळी पंचाईत तिथंच झाली.

नाव बब्रुवान. कॉलेजात तो माझ्या मागच्या बाकावर बसायचा आणि सर फळ्याकडं वळले की बाक वाजवायचा. सर मला बाहेर काढायचे. तिथून आमची मैत्री. इक्बालचा मामा हैदराबादला होता, त्यानं एक इलेक्ट्रिक गिटार आणून दिली आणि तिच्याबरोबर केसाळ गोऱ्या लोकांच्या चार-पाच कॅसेटी. त्या ऐकून आमची डोकी फिरली. तिघांनी बँड काढला. मी गिटार आणि गाणं, इक्बाल बेस गिटार, बबरू ड्रम. नाव ठेवलं 'बालाघाट', कारण कॉलेजच्या गच्चीवरून तेच डोंगर दिसायचे. बेसची मान इक्बालच्या वडिलांच्या वेल्डिंगच्या दुकानात पुन्हा जोडलेली, ड्रम एका ब्रास बँडवाल्यानं टाकून दिलेला, अँप्लिफायर गणपतीच्या कर्ण्याचा. वरात निघाली की काय असं वाटायचं, पण आमची ऐट विचारू नका.

आता एक गोष्ट नीट सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावर आहे. आमच्या भागात त्या काळी पोरगं चालायला लागायच्या आत सहकारी सोसायटीची सभा बघायचं. दूध संस्था, पतसंस्था, सूतगिरणी, कारखाना... चार माणसं जमली की एक चेअरमन आणि एक सेक्रेटरी व्हायचाच. तीन पोरांचा बँड, पण आम्हीही तसाच चालवला. मी चेअरमन. कोणतं गाणं आधी वाजवायचं, कुणी शर्ट इन करायचा, सगळ्याला ठराव. सूचक अमुक, अनुमोदक तमुक, हात वर करा, बहुमतानं मंजूर. हसत हसत चालायचं, पण चालायचं. तिघांच्या बँडमध्ये बहुमत म्हणजे दोघं मिळून तिसऱ्याला गप्प करणं, एवढा साधा हिशेब आमच्या टाळक्यात शिरला नाही.

त्या वर्षी पाऊस झालाच नाही. ऊस वाळून गेला, कारखान्याची चिमणी थंड पडली, जनावरं छावणीत गेली. बबरूचं गाव घाटनांदूरच्या पलीकडं, कारखान्याच्या वाटेवर. तिथं टँकर यायचा तो दोन-तीन दिवसांआड, तोही त्याची मर्जी झाली तर. बबरू आईबरोबर रांगेत बसायचा. वडील लहानपणीच गेलेले, घरात मायलेकरंच. बसल्या बसल्या हा पुढच्या घागरीवर बोटं वाजवायचा. तीन ठोके, आणि चौथ्या ठोक्याची जागा मोकळी. तीन ठोके, आणि मोकळी जागा. बायका खवळायच्या, "ए बबऱ्या, पोचे पाडतो का घागरीला?" त्यानं ते मला ऐकवलं तेव्हा मी म्हटलं, "चौथा कावून सोडलास?" तर म्हणाला, "टँकर कुठं आलाय बे? वाट बघायची जागा हाय ती." त्या मोकळ्या जागेवर मी गाणं बांधलं. 'येतंय म्हणं, येतंय म्हणं, रांगेत माझी घागर पहिली'... शब्द साधेच. पण इक्बालचा बेस खाली घुमायला लागला की अंगावर काटा यायचा.

आठ गाण्यांची कॅसेट काढायची असं ठरलं. सात गाणी गोऱ्यांची नक्कल, ती एव्हाना आमच्याही लक्षात नाहीत. आठवं हे. औरंगाबादहून एक रेकॉर्डिंगवाला टेपमशीन आणि दोन माइक घेऊन यायला तयार झाला. जागा बबरूनं शोधली. त्याचा चुलता कारखान्यावर वॉचमन होता, त्यानं साखरेचं रिकामं गोदाम उघडून दिलं. काय ती जागा! एक टाळी वाजवली तर तिचा आवाज पार टोकाच्या भिंतीपर्यंत जाऊन सावकाश परत यायचा. रेकॉर्डिंगवाला म्हणाला, असला आवाज मुंबईतसुद्धा मिळायचा नाही. सगळ्यांनी एकदम वाजवायचं, सगळं एकाच टेपवर, मागून काही जोडता येणार नाही की तोडता येणार नाही. अडचण एकच होती. बबरूचा ड्रम त्या गोदामात पत्र्यासारखा वाजत होता, गाण्याला खाली पोट नव्हतं. तेव्हा त्यालाच सुचलं की घागरी आणू. चुंबळीवर ठेवली की घागर वाजते, आणि पाणी भरत जावं तसा तिचा आवाज खाली उतरतो.

पाणी कुठलं? बबरू म्हणाला, "आमच्या घरचं आणतो. कालच टँकर आलाय. संध्याकाळी परत नेऊन ठेवू." मी चेअरमन. मी म्हणायला हवं होतं की नको. मी म्हटलं, लवकर आण.

घागरी आल्या. मग आवाज जुळवायला लागलो. हिच्यात जरा जास्त झालं, ओत. तिच्यात कमी, घाल. पुन्हा ओत. आणि ओतलं कुठं, तर तिथंच फरशीवर. जुन्या साखरेचा थर होता, तो ओला होऊन चिकट झाला, पायाला चटचट लागत होता. आम्हाला काही सुचत नव्हतं हो, आम्ही सुरात होतो! दोनदा गाणं पूर्ण वाजवलं, चुकलं काही नव्हतं, पण मला ते निर्जीव वाटत होतं. तिसऱ्यांदा लावलं आणि काहीतरी जमून आलं. तिघांनाही वाजवता वाजवताच ते कळलं. आणि गाण्याच्या ऐन मध्यात, तीन ठोक्यांनंतरच्या त्या मोकळ्या जागेत, दारातून आवाज आला.

"बबरू, पाणी कुठं हाय रे?"

दुष्काळी कामावर खडी फोडून बबरूची आई घरी आली होती. घरातला पाण्याचा ड्रम कोरडा. कुणीतरी सांगितलं, घागरी कारखान्याकडं नेल्या. ती तशीच चालत आली. रागावलेली नव्हती, रागावली असती तर बरं झालं असतं. नुसतं विचारत होती. त्या गोदामात तो प्रश्न जाऊन भिंतीवर आदळला आणि परत आला. मी थांबलो नाही, उलट गिटार मोठी केली आणि पुढच्या कडव्यात शिरलो. गाणं संपलं तेव्हा ती दाराशीच उभी होती, फरशीवरच्या ओलीकडं बघत. मग दोन घागरी एकीवर एक डोक्यावर घेतल्या आणि गेली. बबरू उरलेल्या घेऊन मागं धावला.

परत आला तो एकच म्हणाला, "तिसरं ठेवू नका. दुसरं चांगलं हाय." रेकॉर्डिंगवाला मान हलवत होता, "अरे, असं कधी मिळत नाही, ही तर देवाची देणगी." आणि मी... मी ठराव मांडला. सूचक मी, अनुमोदक इक्बाल. दोन हात वर. बबरू खाली बघून काठ्यांना बांधलेल्या चिंध्या सोडत होता. "मंजूर का?" मी विचारलं. "बहुमत हाय की," तो म्हणाला. इक्बाल आजही म्हणतो, "सुधा, मेरा हाथ तोड देना था तूने." पण हात त्याचा असला तरी जीभ माझी होती.

पुढं काय झालं ते आमच्या जिल्ह्यातल्या त्या वयाच्या लोकांना आठवत असेल. कॅसेट चालली. टेम्पोत, जिपात, पाटोद्याच्या बसस्टँडवर, टँकरच्या रांगेतसुद्धा. लोक गाण्याचं नाव विसरले, 'पाणी कुठं हाय रे' म्हणूनच मागायचे. आणि बबरूची आई बाजारात गेली की पोरं मागून तेच ओरडायची. आधी ती हसली. मग तिनं बाजार सोडला. नंतर नंतर तर दारात आलेल्या पाहुण्याला 'पाणी देऊ का' हेसुद्धा ती विचारेना, गुपचूप तांब्या आणून ठेवायची. मी हे डोळ्यांनी बघितलंय. बघून घरी आलो आणि कॅसेटच्या पुढच्या आवृत्तीची ऑर्डर घेतली. काय म्हणायचं असल्या माणसाला?

बबरूनं बँड सोडला, पण भांडून नव्हे. काठ्या मला आणून दिल्या आणि म्हणाला, "चेअरमन, आता घरचं बघतो." पुढं ग्रामपंचायतीत लागला, गावच्या नळाला पाणी सोडायचं काम. लग्न झालं, लेकरं झाली. अंबाजोगाईला आला की दुकानात यायचा, हाक तीच, "काय चेअरमन, काय म्हणतेत टेपा?" चहा व्हायचा, पण गाण्याचा विषय तो काढायचा नाही, मीही नाही. त्याच्या ओसरीवर एक तांब्याची घागर कायम चुंबळीवर भरून ठेवलेली असायची. घरात नळ आला, टाकी आली, तरी रोज सकाळी तो स्वतः ती रिकामी करून पुन्हा काठोकाठ भरायचा. आई गेली तेव्हा मी गेलो होतो. तेव्हाही तो पाव्हण्यांना त्याच घागरीतलं पाणी देत फिरत होता.

गेल्या वर्षी पुण्याच्या एका रेकॉर्डिंगवाल्या बाईंचा फोन आला. जुनी कॅसेट साफ करून संगणकावर घेऊ म्हणाल्या. मी विचारलं, मधला एक आवाज काढता येईल का? त्या म्हणाल्या, "काका, येईल, आता सगळं येतं. पण तोच तर गाण्याचा जीव आहे." मी म्हटलं, काढा. मला वाटलं, चला, इतक्या वर्षांनी का होईना, तो ठराव रद्द करता येईल. त्यांनी गाणं पाठवलं, आणि काढलेला आवाजही वेगळा करून पाठवला. तो मी उघडलासुद्धा नाही. गाणं बबरूच्या मोबाइलवर पाठवून दिलं आणि खाली लिहिलं, 'ठराव मागे घेतला. चुकलं बे.' ते लिहिताना छाती भरून आली होती, खोटं कशाला सांगू.

दुसऱ्या दिवशी त्याचा फोन आला. "ऐकलं चेअरमन. लई साफ झालंय." मग म्हणाला, "आईला कावून काढलंस बे?"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"तिचा दुसरीकडं कुठंच आवाज न्हाई रे. फोटो हाय एक, पर तो काय बोलतोय? माझी कॅसेट कवाच गुंडाळली. तुझ्याकडची असंल तर आण की एकदा. तुझ्याच टेपवर ऐकू."

येतो म्हटलं. गेलो नाही. लाज वाटत होती. म्हणजे बघा, तो नको म्हणत होता तेव्हा मी त्याच्या आईला गाण्यात कोंडलं, आणि त्याला ती हवी होती तेव्हा बाहेर काढलं. दोन्ही वेळेला त्याला न विचारता. मोबाइलवर तो काढलेला आवाज होता, चुटकीसरशी पाठवता आला असता, पण ते तेव्हा माझ्या डोक्यातच आलं नाही. मी पट्ट्याचं निमित्त धरून बसलो. आणि मग इक्बालचा फोन.

दहाव्याला गर्दी होती म्हणून मी मागून एकटाच गेलो. बबरूची बायको, कौसल्या वहिनी, ओसरीवर होत्या. मी बसलो तसं त्यांनी घागरीतलं पाणी तांब्यात काढून दिलं. घागर भरायचं त्यांनी सोडलेलं नाही. मी कॅसेटचं काहीतरी पुटपुटलो तर म्हणाल्या, "मला ठावं हाय, भाऊजी. हे म्हणत व्हते, चेअरमन यायला लाजतंय, आपणच जाऊ येत्या बाजारी आन् ऐकून येऊ. त्याला काय बोलू नको म्हणले." मी तांब्या खाली ठेवला.

मी मोबाइल काढला आणि तो वेगळा केलेला आवाज पहिल्यांदा लावला. गिटार नाही, बेस नाही. नुसतं गोदाम. घागरीचे तीन ठोके पुसट, आणि मग ती, "बबरू, पाणी कुठं हाय रे?" वहिनींनी पदर तोंडाला लावला. मी बंद करायला बोट पुढं नेलं, पण आवाज संपला नव्हता. मागून, अगदी हळू, कोवळ्या पोराचा आवाज आला, "आलो, आई."

तो बोलला होता. तिथल्या तिथं बोलला होता! माझी गिटार त्याच्यावर चढली होती, म्हणून इतक्या वर्षांत ना मी ते ऐकलं, ना त्याच्या आईनं. मला रडू आवरेना. वहिनी म्हणाल्या, "परत लावा." मी परत लावलं.

"बबरू, पाणी कुठं हाय रे?"

"आलो, आई."

वहिनींनी डोळे पुसले, घागरीच्या गळ्याशी हात टेकवला आणि म्हणाल्या, "हितं हाय, आत्याबाई. भरल्यालं हाय."