डोंगरापलीकडचे गोळे

पांढरकवड्याला हायवेवर बसची वाट पाहताना चहाच्या टपरीवर तो मला रोज दिसायचा. तोफखान्यातून निवृत्त झालेला, कानानं अधू, त्यामुळे बोलणं सगळं मोठ्यानं. रेजिमेंटचा इतिहास तो स्वतःचा असल्यासारखा सांगायचा. बिस्किटांची बरणी म्हणजे डोंगर, काड्यापेटी म्हणजे तोफ.

"तवा आमी तोफा खेचरांवर लादून नेत होतो."

टपरीवाला हसायचा. "काका, तवा तुमी जन्मले तरी होते काय?"

"रेजिमेंट तं होती ना!"

जुन्या सगळ्या लढाया तो अशा रंगवायचा. ज्या लढाईत तो खरोखर होता, तिच्याबद्दल मात्र चकार शब्द काढायचा नाही. शेवटी एकदा मीच विचारलं. त्यानं काड्यापेटी बरणीच्या अलीकडे सरकवली.

"काय सांगू, भाऊ? तोफ डोंगराच्या अलीकडे, गोळा पडे पलीकडे. वायरलेसवर 'बरोबर लागला' आलं की आमी दुसरा भरत होतो. कोनाले लागला, ते आमी कवा पाह्यलं?"

तेवढ्यात हायवेवर ट्रकचं टायर फुटलं. आम्ही सगळे तिकडे वळलो. त्यानं फक्त तोंड उघडलं. तोफ सुटताना कान वाचवायची ती जुनी सवय. मग त्यानं माझा दंड घट्ट धरला आणि पहिल्यांदाच हळू आवाजात विचारलं,

"जाऊन पाहा ना, भाऊ. कोनाले लागलं तं नाही?"