चार नंबरच्या ट्रेमधले पत्ते

विक्रोळीतली ती रविवारची धाड माझ्या मनातून अजून गेलेली नाही. खून नाही, दरोडा नाही, साधी जुगाराची केस. पण त्या दिवशी ठाण्यातून घरी जाताना जितकं हलकं वाटलं, तितकं उभ्या नोकरीत फार थोड्या वेळा वाटलं.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी तेव्हा फौजदार होतो. सकाळीच एक गृहस्थ ठाण्यात आले. त्यांच्या समोरच्या बिल्डिंगमधल्या एका ब्लॉकमध्ये दर रविवारी जुगार चालतो, असं त्यांचं म्हणणं.

"साहेब, आठ जण येतात. पत्ते खेळतात आणि तोंडातून आवाज नाही! टेबलावर मधोमध चादर टांगतात. एक जण लाकडी ट्रे घेऊन या खोलीतून त्या खोलीत फिरतो. सरळ माणसं पत्ते खेळताना अशी गप्प बसतात का?"

प्रश्न बिनतोड होता. मीही गणपतीत मनसोक्त पत्ते कुटलेला माणूस. आरडाओरडा नाही, असे पत्ते मी कधी पाहिले नव्हते.

दुपारी पंच घेऊन धाड घातली. वर्णन तंतोतंत खरं निघालं. हॉलमध्ये चौघे, आतल्या खोलीत चौघे. टेबलावर पैसा नव्हता. नाल, म्हणजे अड्डेवाल्याचा वाटा, तीही सापडली नाही. पण आमचे हवालदार मुरलेले. "हिशेब मागाहून होतो, साहेब," असं म्हणत त्यांनी सगळ्या ट्रेंमधले पत्ते एका पिशवीत ओतले. हॉलमधला एक तरुण असा कळवळला, की जणू आम्ही त्याचं वाढलेलं ताटच उलटं केलं होतं.

"साहेब, डाव मोडले हो सगळे!"

ठाण्यात आल्यावर त्याची हकीकत कळली. कंपनीत कारकून. खेळतो ते ब्रिज. देशाच्या टीममध्ये त्याची निवड झाली होती आणि टीम लवकरच परदेशी निघणार होती. त्याच्या पासपोर्टची चौकशी नेमकी माझ्याच टेबलावर पडली होती. जुगाराचा गुन्हा नोंदला की शेरा प्रतिकूल जाणार, पासपोर्ट अडकणार आणि टीम दुसऱ्याला घेऊन जाणार.

"कॉलेजपासून याच एका गोष्टीसाठी खेळतोय, साहेब. आता गेलो नाही तर पुन्हा कोण घेतंय?" तो म्हणाला.

मोठ्या साहेबांना मी हे सांगितलं. ते वैतागले. "ब्रिज असो नाहीतर तीन पत्ती. संध्याकाळपर्यंत गुन्हा दाखल करा आणि मोकळे व्हा."

कौशल्याच्या खेळाला कायद्यात सूट आहे, हे मला माहीत होतं. पण हा खेळ तसा आहे, हे कशावरून?

तेवढ्यात चाळीतून त्याचे वडील धावत आले. मालवणकडचे, गिरणीतून निवृत्त झालेले. मुलाकडे न बघता मला म्हणाले, "माझ्या घरात पत्त्यांचो कॅट मी कधी येवक दिलंय नाय, सायबा. आणि ह्यो भायर जावन जुगार खेळता?" मुलगा खाली मान घालून उभा. मला त्या दोघांकडेही बघवेना.

मी वडिलांना बाकावर बसवलं आणि मुलाला आत घेतलं. "ट्रे कशाला फिरतात ते सांग आधी."

"नशीब काढून टाकायला, साहेब. हॉलमध्ये जे पत्ते माझ्या हातात, तेच ट्रेमधून आत जातात. तिथे माझ्याच जागी समोरच्या टीमचा माणूस बसतो, त्याला तेच मिळतात. सारख्याच पत्त्यांवर कोण चांगलं खेळलं, एवढंच बघायचं."

"आणि चादर?"

"आपल्याच भिडूचा चेहरा दिसू नये म्हणून. नुसती भुवई हलली तरी इशारा होतो ना!"

मी विचारात पडलो. हे खरं असेल, तर कुठलाही जुगारी या खेळाच्या वाटेला जाणार नाही. त्याला तर नशीबच हवं असतं. पण पुरावा हवालदारांच्या पिशवीत कालवला गेला होता.

"मग विचारा ना, साहेब. कुठलाही ट्रे विचारा," तो म्हणाला.

आतल्या खोलीत याच्याच जागी बसलेल्या, समोरच्या टीमच्या माणसाला आम्ही वेगळ्या गाडीतून आणलं होतं आणि वेगळंच बसवलं होतं. दोन्हीकडे खेळून झालेल्या ट्रेंपैकी मी मनानेच चार नंबरचा निवडला. हवालदार त्या माणसाकडे गेले, मी याच्यासमोर बसलो. याने डोळे मिटले. "इस्पिकचा एक्का, राणी, नव्वी. बदामची एकच, सत्ती..." तो सांगत गेला, मी लिहीत गेलो.

हवालदार कागद घेऊन परतले. तेरापैकी बारा पत्ते जसेच्या तसे. इथे चौकटची तिर्री, तिथे दुर्री.

"एक चुकला, साहेब!" हवालदार खूश.

माझी खात्री मात्र त्याच एका पत्त्याने पटली. शिकवून आणलेले साक्षीदार एका शब्दानेही चुकत नाहीत. खरं सांगणारा माणूस बारीकसारीक गोष्टीत घसरतोच, आणि दुर्री-तिर्रीकडे कोण एवढं लक्ष देतो?

मोठ्या साहेबांनी दोन्ही कागद वाचले, पुन्हा वाचले. "कमाल आहे. मला सकाळी बायकोने काय आणायला सांगितलं ते आठवत नाही," म्हणाले आणि हसत सुटले. सगळ्यांना सोडलं. पासपोर्टच्या चौकशीवर मी त्या तरुणासमोरच अनुकूल शेरा मारला. त्याने वाकून माझी सही बघितली आणि हसला. मलाही हायसं वाटलं. एका सहीने त्याचं आयुष्यभराचं नुकसान झालं असतं, आणि ती सही माझी असती.

पुढे मी एक सवय लावून घेतली. माणसं काय करतायत ते समजलं नाही, तर आधी त्यांनाच नीट विचारायचं. कलम त्यानंतर शोधायचं. गप्प बसलेला माणूस काहीतरी लपवतो, हे आम्हा पोलिसांच्या अंगात इतकं भिनलेलं असतं, की तो कदाचित विचार करत असेल हे डोक्यातच येत नाही.

निघताना वडिलांना मी सगळं समजावून सांगितलं. ब्रिज त्यांना कितपत कळलं, देव जाणे. पहिल्यांदाच ते मुलाकडे वळले. मग म्हणाले, "थंय थंडी आसतली रे. माझी कानटोपी घेवन जा."