देवीचं तोंड

आम्ही दोघांनी मिळून केलेलं शेवटचं काम म्हणजे सिनेमाच्या फिती धुणं. अंगणात घंगाळभर सोड्याचं कढत पाणी, एका बाजूला माझी बायको, एका बाजूला मी. फीत भिजली की वरचं चित्र मऊ पडतं. चिंधीनं पुसलं की काळा चिखल होऊन निघतं. उरलेली कोरी पट्टी कासार बांगड्यांसाठी नेई. चित्रं माझीच होती. बोलता सिनेमा आला आणि माझ्या मुक्या चित्रांना कुत्रं विचारेना.

माझ्या डोक्यावर ना कंपनी, ना शेठ. वावर विकून कॅमेरा आणला. गोष्ट मी रचायची, हँडल मी फिरवायचं, जत्रेत तंबूही मीच ठोकायचा. बाई मात्र मिळेना. तोंड रंगवून उभं राहायला तमाशातलीही नाही म्हणाली. मग बायको उभी राहिली. देवी झाली.

पोहरादेवीच्या जत्रेत लोकांनी पडद्यापुढं लोटांगणं घातली. नारळ फोडफोडून पडदा चिकट केला. आणि आसेगावाकडं घरी परतलो तर त्याच लोकांच्या बायका तिला हळदीकुंकवाला बोलवीनात. पाटलीण तर तोंडावर म्हणाली, "नाचीन हाये थे. तिच्या हातचं पानी कोन पेईन?" तेव्हापासून मला माणसांची किळस आहे. म्हातारा झालो तरी गेली नाही.

फिती धुतल्या त्या संध्याकाळी एकच डबा उरला होता, देवीचा. मी तो हळूच मागं सरकवला.

"काहून लपवता?" बायको म्हणाली.

"राहू दे ना वं. तुहं तोंड हाये त्यात. फोटू त एकबी नाही तुहा."

तिनं काळा ओला पंजा स्वतःच्या गालावर थापला. "माहं तोंड हे हाये. त्या रंगवलेलीच्या पाया पडतेत, अन् मले कोनी उंबऱ्यात घेत नाही. तिलेच आधी धुवाचं होतं."

"उद्या पाहू."

"उद्या म्हंजे उद्या. माहा भरोसा नाही तुमच्यावर," म्हणाली आणि हसली.

रात्री झोपेतच गेली.

उजाडलं तर अंगणात बाया मावेनात. नवऱ्याआधी गेलेली सवाष्ण पुण्यवान. तिच्या कपाळाचं कुंकू बोटानं उचलून आपल्या कपाळाला लावतात. पाटलीण सगळ्यांच्या पुढं. हातचं पाणी चालत नव्हतं, मेलेलीचं कुंकू बरं चाललं! वर मला म्हणते कशी, "देवीच होती माय! तेरवीले थे चित्र लावा भाऊ, सारं गाव पाया पडीन."

मी तिथंच थुंकलो.

चूल पेटवली. बायांना वाटलं, तिच्या आंघोळीचं पाणी. मी त्यात सोडा टाकला, घंगाळात ओतलं, डबा उघडला आणि देवी पाण्यात सोडली. चिंधी कालचीच, तिनं पिळून दोरीवर टाकलेली.

"पाप लागीन, पाप!" पाटलीण ओरडली.

मी पुसत राहिलो. पट्टी पार कोरी झाली तेव्हा उठलो, हात घासून धुतले आणि तिला न्हाऊ घालायचं पाणी चुलीवर ठेवलं.