झेलकऱ्याचा दगड

सरांनी रजिस्टरातून माझं नाव वाचलं. मी "हजर" म्हणाले. त्यांनी वर पाहिलं, चष्मा पुसला, परत पाहिलं. मग वर्गाच्या कोपऱ्याकडे बोट केलं आणि म्हणाले, "तू तिकडं. दगडावर."

वर्गात सतरंजी अंथरली होती. तिच्यावर एकोणीस मुलं-मुली बसली होती आणि खिडकीजवळ एक जागा मोकळी होती. ती मी दारातूनच हेरून ठेवली होती. मी म्हणाले, सर, मी परीक्षा पास होऊन आले आहे, विद्यार्थिनी आहे. ते म्हणाले, माहीत आहे की, हजेरी लागेल तुझी. फक्त बसायचं तिथं, तुमचीच जागा आहे ती.

आणि मी गेले. हे लिहिताना अजून राग येतो. तो राग त्यांच्यापेक्षा माझ्यावर जास्त आहे. नवं दप्तर उराशी धरून मी मुकाट्याने त्या दगडावर जाऊन बसले.

सोलापूरचं मंत्रविद्यापीठ बाहेरून सगळ्यांनीच पाहिलंय. अक्कलकोट रस्त्याची ती काळ्या दगडाची कमान. तिथून पदवी घेतलेले मंत्रकार आटलेल्या विहिरीला पाणी आणतात, ताप उतरवतात, मोटारीतून हिंडतात. लोक त्यांच्या पाया पडतात. आतलं मात्र कुणी सांगत नाही, म्हणून मी सांगते. मंत्र श्वासावर चालतो. शिकाऊ पोराचा श्वास अर्ध्यात सुटतो आणि मंत्र चुकतो. चुकलेला मंत्र विरत नाही, तो कुणाच्या तरी अंगावर पडतोच. म्हणून प्रत्येक वर्गाच्या कोपऱ्यात एक बसका दगड असतो, भोवती चुन्याचं रिंगण. त्या रिंगणात जो बसेल त्याच्याकडे चूक ओढली जाते. म्हणणारा सुखरूप राहतो. बसणाऱ्याला म्हणतात झेलकरी, आणि झेलकरी पिढ्यान्‌पिढ्या आमच्या वस्तीतले. त्याबद्दल वर्षाला ज्वारी आणि सणाला मंत्रकारांचे उतरलेले कपडे. वर पुन्हा हा आमचा मान आहे, असं आम्हालाच ऐकवायचं.

माझा बा तीस वर्षं झेलकरी होता. डाव्या हाताला एकही नख नाही. उजव्या कानाने ऐकू येत नाही. भर उन्हाळ्यात त्याला हुडहुडी भरते, कारण कधीतरी कुणीतरी गारव्याच्या मंत्रात चुकलं होतं. कोण, ते त्याला आठवतही नाही.

पण बाला चूक कळायची. श्वास लवकर सुटला की तळहात भाजतो. उशिरा सुटला की जबडा बधिर होतो. म्हणणाऱ्याचं मन दुसरीकडे असलं की डोळ्यांपुढे पिवळं पिवळं दिसतं. हे कुठल्या प्राध्यापकाला माहीत असणार? संध्याकाळी गिरणीचा भोंगा झाला की आई विड्यांचं सूप घेऊन उंबऱ्यात बसायची आणि बा मला शिकवायचा. मंत्रांचे शब्द त्याला ऐकून ऐकून पाठ होते, पण झेलकऱ्याने मंत्र म्हणायचा नाही असा दंडक. तो शब्द हळूच सांगायचा, श्वास मी लावायची. घरी दगड नव्हता, चुकले की माझाच तळहात भाजायचा. मग दुसऱ्या खेपेला श्वास बरोबर यायचा.

दुष्काळ सरून दोन वर्षं झाली होती. सरकारचा कागद आला की विद्यापीठात प्रवेश सगळ्यांना खुला. मी परीक्षा दिली आणि पास झाले. आईने गल्लीत गूळ वाटला. आणि पहिल्याच दिवशी मी बाच्या दगडावर.

घरी मी खोटं सांगितलं. म्हणाले, खिडकीजवळ बसते, वारा छान येतो. महिनाभर हे चाललं, तोवर नुसतं पाठांतर होतं. मग अग्नीचा तास आला. एका डॉक्टरांचा मुलगा उभा राहिला. समोरची समई मंत्राने पेटवायची. त्याचा श्वास लवकर सुटला आणि माझा तळहात भाजला. तो म्हणाला, "सॉरी सर." सरांना. सर त्याला म्हणाले, "घाबरू नकोस. परत म्हण." तो अकरा वेळा चुकला. माझी दोन नखं काळी पडली. तास संपल्यावर तो माझ्या शेजारून गेला, डबा काय आणलाय ते मित्राला सांगत.

त्या संध्याकाळी मी हात पदराखाली ठेवून जेवायला बसले. बाने मनगट धरलं आणि हात बाहेर ओढला.

"अग्नीचा तास व्हता व्हय आज?"

त्याने नखं पाहिली, तळहात दाबून पाहिला. लई घाई करतंय पोरगं, असं पुटपुटला. आईने भाकरी थापायची थांबवली. चुलीपुढे तिचे हात तसेच पिठात राहिले. बा म्हणाला, "उद्यापासनं मी येतो. दगडावर मी बसतो. तू सतरंजीवर बस. शीक."

मी नाही म्हणाले नाही. हेही लिहायला हवं.

दुसऱ्या दिवशी सर खूश झाले. आता पद्धतीत बसलं, म्हणाले. मी सतरंजीवर बसले. शेजारची मुलगी थोडी सरकली, पण बसू दिलं. खिडकीतून वारा येत होता. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. पाठ टेकून बसले आणि तासभर कोपऱ्याकडे पाहिलंच नाही. मग सरांनी माझं नाव घेतलं. अग्नी, म्हणाले.

मी उभी राहिले. श्वास भरला. आणि कोपऱ्याकडे नजर गेली. बाने डोळे मिटले होते. डावा हात गुडघ्यावर ठेवला होता, तळवा वर करून, उघडा. माझी चूक नीट पडावी म्हणून. इतर कुणासाठी त्याने कधी असा हात उघडला असेल, असं मला वाटत नाही.

ज्या सतरंजीसाठी मी अभ्यास केला, तिची किंमत तो हात होता. मी शिकणार, मंत्रकार होणार, मोटारीतून हिंडणार, आणि प्रत्येक पायरीला माझ्या बापाची कातडी जळणार. डॉक्टरांच्या मुलात आणि माझ्यात मग फरक काय राहिला?

मी श्वास तसाच सोडून दिला. चालत गेले, चुन्याचं रिंगण ओलांडलं.

"बा, ऊठ."

"आगं म्हन की. मला सवय हाय."

"मला न्हाय लावून घ्यायची ती सवय. ऊठ तू."

मी त्याला धरून बाहेर आणलं. सर उभे राहिले. दगडावर कुणी नसेल तर तास होणार नाही, म्हणाले. चूक कुणाच्या अंगावर जाईल?

"ज्याची त्याच्या," मी म्हणाले.

"मग मुलं शिकणार कशी?"

"मी शिकले तशी." आणि मी तळहात त्यांच्यासमोर धरला.

मग मी मंत्र म्हटला. दगड रिकामा होता. शेवटाला श्वास जरा हलला. समई पेटली आणि माझा तळहातही सोलवटला. मी हात लपवला नाही. सतरंजीवरची मुलं भिंतीपर्यंत मागे सरकली. आपला मंत्र आपल्याला भाजू शकतो, हे त्यांना आयुष्यात पहिल्यांदा कळलं होतं. सरांनी रजिस्टर मिटलं.

आठवड्यात पत्र आलं. बेशिस्तीबद्दल नाव कमी. सगळ्या वस्तीची ज्वारी बंद. विद्यापीठाचा शिपाई दुसरा झेलकरी शोधायला वस्तीत यायच्या आधी मी घरोघर गेले. चुलती म्हणाली, तुझ्या शिक्षणापायी आमच्या चुलीत पाणी. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले, बाला घेऊन. प्रत्येक दारात बा फक्त डावा हात पुढे करायचा. लोक त्या हाताकडे बघत राहायचे. आत कुणाची आजी होती, तिने स्वतःचा पाय दाखवला. कुणी पाठ उघडी केली. बाकीच्या वर्गांतले झेलकरीही दगडावरून उठून घरी आले. शिपाई तीनदा येऊन मोकळा परत गेला. चुलती आता आईबरोबर विड्या वळते, माझ्याशी अजून बोलत नाही.

तीन महिने झाले, तिथे एकही तास झालेला नाही. काल सरांनी निरोप धाडला. चूकभूल विसरू, तुला सतरंजीवर पहिल्या रांगेत जागा देऊ, बापालाही बोलावणार नाही. वस्तीतला दुसरा कुणी तेवढा दगडावर बसायला पाठव.

मी निरोप्याला सांगितलं, सरांना म्हणावं, स्वतः बसा.

पहिली रांग माझी आहे, ती मी घेणारच. दगडावर कुणी नसेल त्या दिवशी घेईन. तोवर वर्गांना कुलूप राहिलं तर राहू दे, विहिरी आटल्या तर आटू दे. आणि पोटासाठी आमच्यातलाच कुणी तिथे बसायला निघाला, तर मी कमानीत आडवी पडेन. त्याला माझ्या अंगावरून जावं लागेल.