देवाकडे मागितलेला पोलीस

लोक देवाकडे नोकरी मागतात, मूल मागतात. मी अंबरनाथच्या शिवमंदिरात हात जोडून पोलीस मागितला! "शेजारच्या शीतलच्या दारात कोर्टाच्या हुकमाने पोलीस उभा राहू दे, सोळा सोमवार करीन." महादेवाने ऐकलं, उद्यापनही झालं. पण त्या दिवसांतले किस्से काही संपत नाहीत. आमच्या मजल्यावरच्या चार बायका जमल्या की एक निघतो, त्याचं शेपूट धरून दुसरा!

शीतल बदलापूरकडच्या गावातली. आमच्या शेजारच्या गायकवाड वहिनींच्या मिलिंदशी तिने लग्न केलं, जातीबाहेरचं. तिचा भाऊ दोनदा येऊन "दोघांना संपवीन" म्हणून ओरडून गेला. पोर खिडकीतसुद्धा उभी राहीना.

*

उल्हासनगरच्या वकीलबाई म्हणाल्या, "नुसती भीती सांगून हायकोर्ट संरक्षण देत नाही. कधी आला, काय बोलला, कोणी ऐकलं?"

मी चटकन म्हटलं, "मी ऐकलं. संकष्टीला आला. चंद्र उगवायचा होता."

"आणि दुसऱ्यांदा?"

"प्रदोषाला."

त्यांनी पेन खाली ठेवलं. "काकू, जजसाहेबांना उपास नसतो हो! तारीख सांगा."

मग भिंतीवरचं कॅलेंडर उतरवून बसलो. तारखा मिळाल्या. माझा उपास कधी चुकत नाही ना!

*

एका सकाळी खिडकीवर दगड आला. आम्ही सगळ्या धावलो. कुणी काचा झाडल्या, कुणी फरशी पुसली. पोरीला बरं वाटावं म्हणून मी दारात रांगोळी काढली.

मिलिंद कॅमेरा घेऊन आला आणि बघतच राहिला. "काकू, पुराव्याला फोटो कशाचा काढू? रांगोळीचा?"

"निदान दगड तरी?" वहिनींनी विचारलं.

दगड वरच्या गच्चीवर होता. आमच्या मजल्यावरच्या सिंधी लाजोआंटीने वाळत घातलेल्या पापडांची चादर उडू नये म्हणून ठेवला होता. "अच्छा वजनदार था!"

*

चौकीत हवालदार तक्रारीच्या अर्जावर पोचेचा शिक्का देईना. "घरचं भांडण, घरात मिटवा."

लाजोआंटी समोरच्या बाकावर ऐसपैस बसली. "ठप्पा दो, भाई. दुकान बहू संभालेगी, मैं शाम तक फ्री हूँ!"

शिक्का लगेच सापडला.

*

मग कोर्टात द्यायच्या साक्षीच्या जबाबांवर सह्यांची वेळ आली. वकीलबाई गायकवाडांकडेच कागद घेऊन आल्या. माझी सही झाली. बाकीच्या पेन हातात घेईनात. कुणाची मुलगी लग्नाची, कुणाचे मिस्टर तापट.

तेवढ्यात दारात शीतलची आई! लग्नानंतर पहिल्यांदाच आलेली. शीतल उठली, पण आईने लेकीकडे पाहिलं नाही. सरळ वकीलबाईंसमोर बसली.

"पोरगा घरात बोलला, दिवाळीच्या आत दोघांना ठेवत नाही. माझ्यासमोर बोलला. हे लिहिलं तर चालंल का?"

वकीलबाई हळूच म्हणाल्या, "आई, हे तुमच्याच मुलाविरुद्ध जाईल. आणि तुम्हाला परत त्याच घरी जायचंय."

"जायचंय की. भात टाकायचाय."

तिने एकेक अक्षर जुळवत सही केली. मग पेन बाकीच्या बायकांपुढे धरलं.

"मी केली. आता तुम्ही पण करा, बायांनो."