लाइन क्लिअर हाय का, वैनी?

गार्डसाहेब विनोद व्हायच्या आधी हसत. ईशान, तन्वी, तुम्ही त्यांच्या दोन बाजूंना सोफ्यावर बसून स्वतःच इतके खिदळत होतात की तुमच्या हे लक्षात आलं नसेल. मी मागे जेवणाच्या टेबलाशी भाजी निवडत बसायची. तिथून टीव्ही दिसायचा आणि त्यांची पाठही दिसायची. आधी त्यांचे खांदे हलू लागत, मग अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल असं ते हसत, आणि त्यानंतर टीव्हीवर ती हसण्यासारखी गोष्ट घडे. मी इंग्रजी शाळेत नन्सच्या हाताखाली शिकले. आधी कारण आणि मग परिणाम, हे आमच्या डोक्यात पक्कं बसवलेलं. ज्या माणसाचा परिणाम आधी येतो त्याच्यावर मी नजर ठेवते.

मी संशयी आहे असं तुमचे बाबा म्हणतात, आणि ते खरंच आहे. तुमचे आजोबा गेल्यापासून समता कॉलनीतल्या या घरात मी एकटी राहते. माझ्या लेकाच्या, सुहासच्या मनात हे घर विकून मला तुमच्याकडे न्यायचं होतं. मला यायचं नव्हतं. इथे माझी गॅलरी आहे, माझी भाजीवाली आहे, कुठला नळ किती पिळायचा हे मला ठाऊक आहे. म्हणून मी फार जपून राहत होते. एकदा घसरले, एकदा गॅस चालू राहिला, की घर गेलंच. अशा दिवसांत मागच्या गल्लीतला एक रिटायर्ड रेल्वे गार्ड रोज संध्याकाळी माझ्या दारात उभा राहू लागला, तर मी संशय घेणार नाही तर काय करणार?

सुरुवात तुम्ही दोघांनीच केलीत. त्या उन्हाळ्यात तुम्ही इथे होतात. गार्डसाहेब टँकर कधी येणार हे विचारायला आले, आणि तुम्ही जी कार्टून मालिका लावून बसला होतात ती पाहत उभेच राहिले. मग टेकले. मग चहा झाला. जाताना म्हणाले, "आमच्या इकडं हे चॅनेल येत नाई, वैनी. उद्या येऊ का?" तुम्ही दोघं माझ्या आधी "हो" म्हणालात. जूनमध्ये तुम्ही परत गेलात. गार्डसाहेब मात्र येतच राहिले. नातवंडांसाठी येणारा माणूस समजू शकतो. पण नातवंडं गेल्यावर एका म्हाताऱ्या बाईच्या घरी कार्टून पाहायला येणारा पांढऱ्या मिशांचा माणूस मला समजेना.

ती मालिकाही मला तशी संशयास्पदच वाटायची. हिरव्या छपराच्या घरातलं ते कुटुंब कितीतरी वर्षं चालू आहे आणि कोणाचं वय वाढत नाही. बाप अंगणातल्या घडीच्या खुर्चीत बसला की खुर्ची त्याच्यासकट मिटते. शेजाऱ्याची बकरी येते आणि बापाचा टाय खाते. वरच्या मजल्यावर एक मावशी राहते, ती कोणाला कधी दिसलेली नाही. सगळे जेवायला बसले की वरून धप्प असा आवाज येतो, छताचा पोपडा सुटून बरोबर सूपमध्ये पडतो, सगळे वर बघून एका सुरात म्हणतात, "मावशी उठल्या!" आणि तेच सूप पिऊ लागतात. रोज. मी ईशानला विचारलं होतं, "अरे, काय होणार हे ठाऊक असताना हसता कसे?" तो म्हणाला, "आजी, ठाऊक आहे म्हणूनच! आपण त्याची वाट बघत असतो ना!" मला ते तेव्हा पटलं नाही.

गार्डसाहेबांनाही पटलं नव्हतं, पण वेगळ्या कारणाने. ते त्या घराची चौकशी करत असत. "वैनी, खुर्ची एकदा मोडली तं अपघात म्हणा. रोज मोडून राहिली तं कोणीतरी मोडून राहिलं." बकरीच्या बाबतीत त्यांचा संशय सरळ शेजाऱ्यावर होता, टाय फक्त सोमवारी नवा असतो हे शेजाऱ्याला कसं कळतं, असा त्यांचा मुद्दा. आणि त्या घरातल्या मुलाबद्दल तर त्यांना मनापासून काळजी. "हा पोट्टा चवथीतच काहून सडून राहिला? बाप शाळेत जाऊन एकदा विचारत काहून नाई?" तन्वीने समजावलं होतं, की कार्टूनमध्ये असंच असतं, आजोबा. ते म्हणाले, "असंच असते म्हणूनच कोणी विचारत नाई, बेटा." अशी आमची संध्याकाळ जायची. ते टीव्हीवर संशय घ्यायचे आणि मी त्यांच्यावर.

त्यांची येण्याची रीत तुम्हाला आठवत असेलच. घंटा एकदाच वाजायची. मी आतून विचारायची, "कोण?" बाहेरून उत्तर यायचं, "मालगाडी! लाइन क्लिअर हाय का, वैनी?" आणि मी "लाइन क्लिअर" म्हटल्याशिवाय ते उंबरठ्याच्या आत पाय टाकत नसत. एकदा मी मुद्दाम नुसतंच "या" म्हटलं. तर दाराबाहेर उभे! "नुसत्या 'या'वर गाडी हालत नाई. जिंदगीत हालवली नाई." शेवटी माझ्या तोंडून ते शब्द काढूनच आत आले. जातानाही तसंच. फाटकाशी जाऊन मागे वळायचे आणि हात वर करून उभे राहायचे, मी हात वर करेपर्यंत. मला वाटायचं, हा माणूस रोज जाताना घराकडे काय निरखून पाहतो? गच्ची? मागची खिडकी? एक दिवस विचारलंच. म्हणाले, "स्टेशन सुटलं का गार्डानं हात दाखवायचा, समोरच्यानं बी दाखवायचा. दोघांचं ठीक असलं तं गाडी पुढं." उत्तर चोख होतं. चोख उत्तरांनी माझा संशय कमी होत नाही.

त्यातच सुहासचा फोन. "आई, तू स्टुलावर चढून पंखे पुसतेस?" माझ्या हातातला रिमोट तसाच राहिला. पंखे पुसल्याचं मी कोणाला सांगितलं नव्हतं. त्या दिवशी घरात फक्त गार्डसाहेब येऊन गेले होते. पुढच्या आठवड्यात पुन्हा, "आई, त्या गीझरचं काय झालं?" आता मला सगळं लख्ख दिसू लागलं. लेकाने माझ्यावर पाळत ठेवायला माणूस नेमला आहे, आणि तो माणूस माझाच चहा पिऊन, माझ्याच सोफ्यावर बसून तिकडे खबरा पुरवतो आहे. एक दिवस पुरेशा खबरा जमल्या की सुहास तिकीट पाठवणार.

मी सापळा लावला. गार्डसाहेबांना, आणि फक्त त्यांनाच, सांगितलं की काल सदर बाजारात मला चक्कर आली, एका सोनाराच्या पायरीवर बसावं लागलं. साफ खोटं. त्यांनी कप खाली ठेवला. "डॉक्टरले दाखवलं का?" मी म्हटलं, "बघू." मग सुहासच्या फोनची वाट पाहत बसले. फोन आला, पावसापाण्याच्या गप्पा झाल्या. चकरेचं नाव नाही. त्याच्या पुढच्या फोनलाही नाही. उलट गार्डसाहेबच दुसऱ्या दिवशी दारात मालगाडीसह नारळाचं पाणी घेऊन उभे. आणि मग एका रविवारी व्हिडिओ कॉलवर सुहास म्हणाला, "आई, ते स्टूल अजून तुझ्या मागेच उभं आहे. तन्वी परवाच म्हणाली, आजी पुन्हा चढलेली दिसते." गीझरवाल्याचा पाना ईशानने टेबलावर पाहिला होता. म्हणजे, माझ्या लाडक्यांनो, फितूर तुम्ही निघालात. त्या दिवसापासून मी फोन रिकाम्या भिंतीसमोर धरते, हे तुमच्या लक्षात आलं असेल.

गार्डसाहेब एका आरोपातून सुटले, पण हसण्याचा प्रश्न तसाच होता. मी सरळ विचारलं, "गार्डसाहेब, तुम्हाला आधीच कसं कळतं?" मिशीवरून हात फिरवून म्हणाले, "गाडी यायच्या आधी रूळ बोलतात, वैनी." पुन्हा चोख उत्तर.

एक दिवस त्या मालिकेत वेगळंच घडलं. सगळे जेवायला बसले, चमचे वर उचलले, आणि धप्प आवाज आलाच नाही. बाप छताकडे बघतो, बायको बघते, बकरीसुद्धा खिडकीतून बघते. सूप निवत चाललं. शेवटी कळतं की मावशी कुठल्याशा लग्नाला गेल्यात. मला, खरं सांगते, पहिल्यांदाच हसू आलं. गार्डसाहेब हसले नाहीत. आधीही नाही आणि नंतरही नाही. ते उठून टीव्हीजवळ गेले होते. "हे लोक बसून काय राहिले? रोजचा आवाज आला नाई तं वर जाऊन पाहाले पाहिजे ना! लग्नाचं मागाहून समजलं. आधी तं वर जा!" त्या दिवशी फाटकाशी हात वर करून ते नेहमीपेक्षा जास्त वेळ उभे राहिल्यासारखे वाटले.

थंडीचे दिवस सुरू झाले होते तेव्हाची गोष्ट. सातला मालिका सुरू झाली आणि घंटा वाजली नाही. मी चहाचं आधण बंद केलं. मनात पहिला विचार आला तो माझ्या स्वभावाला धरूनच, की काम साधलं असेल, आता कशाला येतील? दुसरा विचार आला की कोणतं काम? मला एकही सुचेना. फोन लावला, उचलला नाही. मग मी शाल घेतली, दाराला कुलूप लावलं आणि मागच्या गल्लीत गेले.

ते वरच्या मजल्यावर भाड्याने राहत. खाली घरमालकीण तांदूळ पाखडत होती. मी विचारलं तर म्हणाली, "हव दीदी, घरेच म हे. बिहनिया ले टीवी चलत हे." म्हणजे घरीच आहेत, सकाळपासून टीव्ही चालू आहे. टीव्ही मलाही ऐकू येत होता. मी जिन्याच्या पहिल्या पायरीवर उभी राहिले आणि माझं डोकं तापलं, कारण वर आमचीच मालिका चालू होती. तेच चॅनेल! महिनोन् महिने मला सांगत आले की आमच्याकडे येत नाही. आणि सगळा उलगडा झाला. नवा भाग सकाळी लागतो, संध्याकाळी तोच पुन्हा. हा गृहस्थ सकाळी घरी पाहून संध्याकाळी माझ्याकडे येऊन हसत होता. मी परत फिरणार होते. रागाने, पण थोड्या समाधानानेही; माझा संशय खरा निघाला होता.

तेवढ्यात वरून धप्प आवाज आला. "मावशी उठल्या!" असं ते कुटुंब ओरडलं. आणि वरून हसू आलं नाही. आधी नाही, नंतरही नाही.

"किल्ली आणा," मी मालकिणीला म्हटलं. ती म्हणाली, टीव्ही बघत असतील, झोप लागली असेल. मी म्हटलं, "मावशी उठल्या आणि हा माणूस हसला नाही. किल्ली आणा." तिला यातलं काही कळलं नसणार, पण माझ्या आवाजाने तिने सूप खाली ठेवलं आणि किल्ली आणली. गार्डसाहेब न्हाणीघराच्या दारात पडले होते. खुब्याचं हाड मोडलं होतं, फोन टीव्हीपाशी राहिला होता आणि ओरडून ओरडून आवाज बसला होता. टीव्हीच्या आवाजात खाली काही पोचलं नव्हतं. मला पाहून ओठ हलले. मी वाकले. म्हणाले, "लाइन ब्लॉक हाय, वैनी."

दवाखान्यात ऑपरेशन झाल्यावर, ते उशीला टेकून बसू लागल्यावर, मी चौकशी सुरू केली. "तुमच्याकडे ते चॅनेल येतं."

"येते."

"टीव्ही माझ्यापेक्षा मोठा आहे."

"मोठा हाय."

"मग रोज खोटं बोलून माझ्याकडे का येत होता?"

त्यांनी खिडकीकडे पाहिलं. "बायको गेली, पोरगी नागपूरले. सकाळी टीव्ही लावून पाहाचो, हसाचो. पण तिथं लाइन क्लिअर कोण देईल? तुमच्या घरी रोज आलो, का मंग एक दिवस नाई आलो तं तुम्हाले समजलं असतं." मग मिशीतल्या मिशीत हसले. "तुम्ही संशयी हाय, वैनी. तुम्ही येणारच होत्या. दुसरी कोणी असती तं तिनं चहा पिऊन घेतला असता."

माझ्या स्वभावाचं इतकं चांगलं कोणी कधी बोललेलं नाही.

त्यांची मुलगी त्यांना नागपूरला घेऊन गेली. गाडीत बसवलं, काच खाली केली. गाडी गल्लीच्या तोंडाशी थांबली आणि खिडकीतून हात वर आला. मी हात वर केला. तेव्हाच गाडी हलली. काही महिने रोज सातला फोन यायचा. मी म्हणायची, "कोण?" पुढचं तुम्हाला ठाऊकच आहे. गेल्या महिन्यात एक दिवस सात वाजून गेले तरी फोन आला नाही. मी वाट पाहिली नाही, लगेच मुलीला लावला. ती रडत होती. सकाळी झोपेतच गेले होते.

सुहासने घर विकायचा विषय पुन्हा काढलेला नाही, पण त्याची एक अट आहे, माझी रोज खबर लागली पाहिजे, आणि ती मी मान्य केली आहे. म्हणून हे सगळं तुम्हाला लिहून ठेवलं. इथे संध्याकाळचे सात वाजले की तुम्ही दोघांनी फोन करायचा. मी विचारीन, "कोण?" आणि काय म्हणायचं ते तुम्हाला मी शिकवायला नको. कंटाळा येईल. तरी करा. रोज तेच असणार आहे, आणि तेच असावं म्हणून मी इथे बसलेली असेन. पण एखाद्या दिवशी माझं उत्तर आलं नाही, तर आजी लग्नाला गेली असेल असं म्हणून सूप पीत बसू नका. आधी कोणाला तरी वर पाठवा.